म्हशीची चाल आणि शाईचा ओलावा: ते वेईंबद्दल एका विद्यार्थ्याला उत्तर

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात पुन्हा मांडतो, म्हणजे नंतर वाचणाऱ्यालाही संदर्भ लागेल. तुम्ही अ‍ॅनिमेशनच्या शेवटच्या वर्षाला आहात. डिप्लोमा फिल्म पिंगुळीच्या चित्रकथीच्या, म्हणजे चित्रांची पानं दाखवत कथा गाणाऱ्या कोकणी लोककलेच्या, शैलीत करायची आहे आणि तुमच्या सरांनी सांगितलं, आधी चीनचे अ‍ॅनिमेशन दिग्दर्शक ‘ते वेई’ बघ. तुम्ही शोधलंत, तर दिग्दर्शक म्हणून त्यांच्या नावावर मोजक्याच फिल्म सापडल्या. कुठे त्यांना शाईच्या अ‍ॅनिमेशनचे जनक म्हटलंय, कुठे ते श्रेय भलत्याच नावांना दिलंय. म्हणून तुम्ही तीन गोष्टी विचारल्यात: इतकं कमी काम असलेल्या माणसाला एवढं मोठं का मानतात, ते तंत्र नेमकं कोणाचं, आणि तो ओल्या शाईचा परिणाम आज सॉफ्टवेअरमध्ये कसा आणायचा.

तिसऱ्याचं उत्तर एका ओळीचं आहे. ओल्या शाईचा ब्रश आज कुठल्याही बऱ्या सॉफ्टवेअरमध्ये तयार मिळतो, आणि तो वापरून केलेल्या बहुतेक फिल्म निर्जीव दिसतात. असं का होतं, हा तुमचा खरा प्रश्न आहे. तुम्ही तो विचारला नाहीत, पण पिंगुळीची चित्रं घेऊन बसाल तेव्हा तो तुमच्यापुढे उभा राहणारच. त्यामुळे मी ते वेईंची गोष्ट त्याच अंगाने सांगणार आहे.

मी स्वतः तीसेक वर्षं हाताने चित्रं काढून पोट भरलं. लाइटबॉक्स, पेग-बार, सेल म्हणजे चित्र रंगवायचे पारदर्शक ताव, रंगाच्या बाटल्या, वरून चित्रं टिपणारा रोस्ट्रम कॅमेरा. पुढे संगणकावरही काम केलं. मी चीनचा अभ्यासक नाही. ते वेईंच्या फिल्म मी एका कारागिराने दुसऱ्याचं काम बघावं तशा बघितल्या आहेत, म्हणजे थांबवून, मागे नेऊन, फ्रेम मोजत.

हा माणूस मुळात अ‍ॅनिमेशनचा नव्हताच. जन्म 1915 चा, शांघायचा. खरं नाव शेंग सोंग; ते वेई हे व्यंगचित्रांखाली घालायचं नाव, तेच पुढे कायम चिकटलं. घरची गरिबी, शिक्षण अर्धवट. तिसाच्या दशकातल्या शांघायमध्ये व्यंगचित्रांच्या नियतकालिकांना बरकत होती आणि हा तरुण त्यांत राजकीय चित्रं काढायचा. 1937 मध्ये जपानशी युद्ध पेटलं, तेव्हा व्यंगचित्रकारांचं एक प्रचारपथक निघालं, त्यात तेही होते. चित्र मोठं काढायचं, रस्त्यावर टांगायचं, अक्षरओळख नसलेल्या माणसालाही दुरून कळलं पाहिजे असं काढायचं. हे शिक्षण कुठल्याही आर्ट स्कूलपेक्षा कडक असतं. गर्दीतला माणूस चित्रासमोर दोन सेकंद थांबतो, तेवढ्यात त्याला पात्र कळलं नाही तर तो पुढे जातो.

1949 मध्ये, वयाच्या चौतिसाव्या वर्षी, ते हाँगकाँगहून चीनच्या ईशान्येला गेले आणि छांगछुनच्या फिल्म स्टुडिओतला कार्टून विभाग त्यांच्याकडे आला. अ‍ॅनिमेशनचा अनुभव शून्य. तिथे मोचिनागा तादाहितो नावाचे एक जपानी अ‍ॅनिमेटर होते. युद्ध संपल्यावरही ते चीनमध्येच राहिले होते आणि फांग मिंग हे चिनी नाव घेऊन काम करत होते. शत्रूदेशाचा माणूस, पण अ‍ॅनिमेशनचं हातातलं काम येणारा. नवख्या मंडळींना त्यांचा मोठा आधार झाला. 1950 मध्ये वीस-बावीस माणसांचा हा जथा शांघायला हलला. एप्रिल 1957 मध्ये त्यातूनच शांघाय अ‍ॅनिमेशन फिल्म स्टुडिओ स्वतंत्रपणे उभा राहिला आणि ते वेई त्याचे पहिले प्रमुख झाले.

इथे एक गैरसमज काढून टाकू. चिनी अ‍ॅनिमेशन त्यांच्यापासून सुरू झालं नाही. वान बंधूंनी 1941 मध्येच, युद्धात वेढलेल्या शांघायमध्ये बसून, ‘लोखंडी पंख्याची राजकन्या’ ही पूर्ण लांबीची फिल्म केली होती. आशियातली ती पहिली. पुढे जपानचे विख्यात कॉमिक्सकार झालेल्या ओसामू तेझुकांनी ती लहानपणी जपानमध्ये पाहिली आणि त्यांच्यावर तिचा मोठा परिणाम झाला. तेच वान बंधू पुढे ते वेईंच्या स्टुडिओत आले. म्हणजे आपल्याहून वयाने आणि अनुभवाने मोठी माणसं हाताखाली, आणि प्रमुख मात्र व्यंगचित्रकार. ही परिस्थिती ज्याने स्टुडिओत अनुभवली आहे त्याला त्यातला अवघडपणा वेगळा सांगायला नको.

आता मुद्द्याकडे. पन्नासच्या दशकात चीनचं गुरुस्थान म्हणजे सोव्हिएत रशिया. अ‍ॅनिमेशनही तिकडच्यासारखंच: गोल, नीटनेटकं, हालचाल लोण्यासारखी. 1955 मध्ये या मंडळींनी ‘कावळा काळा का’ ही आपली पहिली रंगीत फिल्म केली. दिग्दर्शक छियन जियाजुन आणि ली ख-रुओ. 1956 मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात तिला बक्षीस मिळालं. आणि तिथल्या लोकांना ती सोव्हिएत फिल्म वाटली, हा किस्सा चिनी अ‍ॅनिमेशनवाले अजून सांगतात. तुमची फिल्म बक्षीस घेते आणि लोक शेजाऱ्याचं अभिनंदन करतात. याहून बोचरी दाद कुठली?

ते वेईंनी याला दिलेलं उत्तर म्हणजे 1956 ची ‘गर्विष्ठ सेनापती’. कथा-पटकथा हुआ च्युनवू यांची, तेही व्यंगचित्रकारच. लढाई जिंकून आलेला सेनापती खाण्यापिण्यात आणि स्तुतीत लोळत पडतो, शस्त्रं गंजतात, आणि शत्रू दारात येतो तेव्हा त्याच्याच्याने काही होत नाही. गोष्ट एवढीच. आता चिनी दिसायला हवं म्हणून कोणीही काय केलं असतं? लाल खांब, कमानदार छपरं, ड्रॅगनची नक्षी. तेही त्यात आहेच. पण ते वेई पेकिंग ऑपेराकडे गेले आणि तिथून रंगाच्या आधी चाल उचलली. तिथल्या मंचावरच्या माणसाला बोलावून अ‍ॅनिमेटरांना हावभाव शिकवले.

सेनापतीचा चेहरा ऑपेरातल्या रंगवलेल्या चेहऱ्याच्या पात्राचा, आणि त्याच्या मागेपुढे करणारा खुशमस्कऱ्या म्हणजे नाकावर पांढरा ठिपका असलेला विदूषक. चिनी प्रेक्षकाला तो ठिपका दिसला की पुढचं सांगावं लागत नाही, जसं आपल्याकडे तमाशात सोंगाड्या आला की हसू आधीच तयार असतं. पण चेहऱ्याहून महत्त्वाचं पुढे आहे. सेनापती चालतो तसा कुठलाही माणूस चालत नाही. पाऊल उचलतो, थांबवतो, टेकवतो, अंग वळतं आणि मग मान. प्रत्येक हालचालीच्या शेवटी एक ठहराव, जणू ताशाची थाप पडली. आम्हाला शिकवलेली पाश्चात्त्य पद्धत याच्या उलटी: हालचाल कुठे संपते ते कळूच नये, एकातून दुसरी वाहत जावी. ते वेईंनी ते वाहणं मोडलं. शेवटी शत्रू वेढा घालतो तेव्हा पिपा या तंतुवाद्यावरची ‘दहा दिशांनी वेढा’ ही जुनी युद्धधून वाजते आणि सगळी हालचाल त्या तारांवर बांधलेली आहे. त्या काळात त्यांनी स्टुडिओला दिलेलं वाक्य असं होतं: विनोदाचं दार ठोठवा, राष्ट्रीय रूपाची वाट शोधा. घोषणा म्हणून ती सरकारी वाटते. फिल्म बघितलीत की तिचा कामातला अर्थ कळतो.

तुम्हाला फक्त एकच फिल्म बघायला वेळ असेल तर हीच बघा, शाईची नंतर. हे माझं मत आहे आणि बरेच जण भांडतील.

आता शाई.

1960 च्या सुरुवातीला बीजिंगमध्ये अ‍ॅनिमेशनचं प्रदर्शन भरलं होतं. ते बघायला आलेले उपपंतप्रधान छन यी म्हणाले, की छी बायशींची चित्रं हलवता आली तर बहार येईल. छी बायशी म्हणजे चीनचे महान चित्रकार. सुताराचा हात, नव्वदी ओलांडून चालू राहिलेला कुंचला, 1957 मध्ये गेले. कोळंबी, खेकडे, बेडूक, कोंबडीची पिल्लं, असल्या क्षुल्लक जीवांचे ते राजे. मंत्री बोलून गेला, स्टुडिओ कामाला लागला.

ही मागणी किती अवघड होती ते कळायला माझी एक फजिती सांगतो. नव्वदच्या दशकात आम्ही एका साबणाच्या जाहिरातीत जलरंगाचा प्रयोग केला. वीस सेकंद. दोन फ्रेमला एक चित्र धरलं तर 240 चित्रं. खरबरीत कागदावर प्रत्येक चित्र वेगळं रंगवलं. पेन्सिलची लाइन टेस्ट, म्हणजे रंगवण्याआधी नुसत्या रेषांवर केलेली हालचालीची तपासणी, सुरेख होती. रंगवून शूट केलं आणि पडद्यावर सगळं उकळायला लागलं. ओला रंग कागदावर दोनदा सारखा पसरत नाही. प्रत्येक चित्रात डागाची कड वेगळी, गडद-फिकट वेगळं. सेकंदाला बारा वेळा ते बदलत होतं. क्लायंटने विचारलं, तुमचा टीव्ही बिघडलाय का? ती जाहिरात शेवटी साध्या सपाट रंगात गेली, आणि चूक सर्वस्वी आमची होती.

शांघायच्या मंडळींपुढे हीच अडचण याहून मोठ्या रूपात होती. साध्या अ‍ॅनिमेशनला बाह्यरेषा असते; रेषेच्या आत रंग भरला की काम झालं. छी बायशींच्या कोळंबीला रेषाच नाही. एक ओला फटकारा, त्याच्यात गडद-फिकट, आणि कड कागदात विरत गेलेली. रेषा नसेल तर इनबिटवीन, म्हणजे दोन मुख्य चित्रांमधली चित्रं, कशाच्या आधारे काढायची? आणि शाई दर चित्रात वेगळी फुटणार त्याचं काय?

त्यांनी काढलेला तोडगा ऐकायला सोपा आहे. कागदावर शाईने प्रत्येक फ्रेम रंगवण्याचा विचारच सोडला. अ‍ॅनिमेटरने पेन्सिलच्या रेषेत हालचाल काढायची, पण आकृती छटांमध्ये फोडून: हा भाग सगळ्यात फिका, हा मधला, हा गडद, हा काळाकुट्ट. प्रत्येक छटा वेगळ्या सेलवर, सपाट रंगाने. मग कॅमेऱ्याखाली त्या छटा एकामागून एक, त्याच फिल्मच्या त्याच फ्रेमवर पुन्हा पुन्हा घ्यायच्या, आणि कडा मवाळ करायच्या, म्हणजे एक छटा दुसरीत विरघळते. पडद्यावर जो ओलावा दिसतो तो कागदात कधी नव्हताच. तो कॅमेऱ्यात तयार झाला.

हिशोब करून बघा. पंधरा मिनिटांची फिल्म, सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे 21,600 फ्रेम. दोन फ्रेमला एक चित्र धरलं तरी 10,800 अवस्था. प्रत्येकीच्या चार छटा धरल्या तर चाळीस हजारांवर सेल, आणि प्रत्येक फ्रेमला कॅमेऱ्याचे अनेक फेरे. एखादा फेरा चुकला की ती फ्रेम गेली. अशी एक फिल्म म्हणजे तेवढ्याच लांबीच्या चार-पाच साध्या फिल्मचा वेळ, असं तिथले लोक सांगत. पुढे कित्येक वर्षं हे तंत्र गुपित म्हणून जपलं गेलं.

आधी बेडूक, कोळंबी, पिल्लं असा छोटा चाचणी-तुकडा केला, मग ‘बेडूकपिल्लं आईला शोधतात’ ही पंधरा मिनिटांची फिल्म. पिल्लांना कोळंबी सांगते आईला मोठे डोळे आहेत, म्हणून ती सोनमाशाला आई समजतात. सोनमासा सांगतो आईचं पोट पांढरं, म्हणून खेकडा. आईला चार पाय आहेत म्हटल्यावर कासव. 1961 मध्ये स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नोच्या महोत्सवात तिला बक्षीस मिळालं.

यात एक बारीक गंमत आहे. 1951 मध्ये लेखक लाओ श यांनी छी बायशींना एका जुन्या कवितेची ओळ देऊन तिचं चित्र मागितलं होतं: बेडकांचा आवाज दहा ली अंतरावरून झऱ्यातून येतो. आवाजाचं चित्र कसं काढणार? नव्वदीला टेकलेल्या म्हाताऱ्याने दरीतून येणारा झरा काढला आणि पाण्यात पोहत येणारी पाच-सहा बेडूकपिल्लं. बेडूक एकही नाही. पिल्लं आहेत म्हणजे वर कुठेतरी आई आहे, आणि आवाजही आहे. आईला शोधणाऱ्या बेडूकपिल्लांची फिल्म या चित्रकाराच्या शैलीत करायची ठरली, याला माझ्या लेखी फार मोठा अर्थ आहे. शेपटीचा एक काळा ठिपका, दुसरं काही नाही. पण त्या शेपट्यांची वळवळ बघा. घोळका वळतो तेव्हा एक पिल्लू नेहमी जरा मागे राहतं. ब्रश सोडा, आधी ते मागे राहणं मोजा.

आता श्रेयाचा प्रश्न. छटा फोडून काढायच्या तंत्रावर काम करणाऱ्यांत कॅमेऱ्यामागे दुआन श्याओश्वान होत्या, अ‍ॅनिमेशनकडून श्यू जिंगदा, ज्यांना सगळे आ दा म्हणतात. छियन जियाजुन आणि तांग छंग यांचा दिग्दर्शनात वाटा. म्हणून तुम्हाला वेगवेगळी नावं दिसतात, आणि ती सगळी बरोबर आहेत. ते वेईंनी कॅमेऱ्याचं तंत्र शोधलं असं म्हणणं चूक ठरेल. स्टुडिओचे प्रमुख म्हणून त्यांनी जे केलं त्याला क्रेडिटमध्ये नाव नसतं. न जमण्याची दाट शक्यता असलेल्या कामावर त्यांनी आपली सगळ्यात चांगली माणसं बसवली आणि त्यांना घाई केली नाही. मी आयुष्यभर ज्या लोकांसाठी काम केलं त्यातल्या फार थोड्यांना हे जमलं. त्यांच्या काळात त्याच इमारतीत वान गुचान यांनी कागदकापाच्या बाहुल्यांचं अ‍ॅनिमेशन उभं केलं, यू झ-ग्वांग यांनी घड्या घातलेल्या कागदाचं, जिन शी यांनी बाहुल्यांचं, आणि वान लायमिंग यांनी ‘स्वर्गात धुमाकूळ’ ही दोन भागांची मोठी फिल्म. दिग्दर्शक म्हणून ते वेईंच्या नावावर फिल्म कमी का, याचं निम्मं उत्तर या यादीत आहे. उरलेलं निम्मं दुःखाचं आहे.

त्याआधी ‘गुराख्याची बासरी’, 1963, छियन जियाजुन यांच्यासोबत. वीस मिनिटं, एकही संवाद नाही. गुराखी पोर झाडाच्या फांदीवर झोपतो, स्वप्नात म्हैस हरवते. शोधता शोधता ती सापडते ती धबधब्यासमोर, पाण्याकडे टक लावून. पोर ओढतो, ढकलतो, ती हलत नाही. मग तो बांबू कापून बासरी करतो, वाजवतो, आणि म्हैस आपण होऊन येते. चित्रांसाठी आधार होते ली ख-रान, म्हशी आणि गुराखी काढणारे थोर चित्रकार. त्यांनी या फिल्मसाठी म्हशींची चौदा चित्रं काढून दिली होती.

मी कोकणात वाढलो, म्हशी बघत. म्हैस चालते तेव्हा वजन आधी खांद्यात जातं, मग मान खाली येते, शिंगं जराशी मागून डुलतात. पाण्यात उतरताना ती क्षणभर थांबते, जणू तिला कोणी विचारलंय. हे सगळं त्या फिल्ममध्ये आहे, आणि ते दाखवायला तिथे एकही बाह्यरेषा नाही, नुसते करडे डाग. मी पहिल्यांदा बघितली तेव्हा शाईबिई काही सुचलं नाही. मनात आलं, या लोकांनी म्हशीजवळ बसून वेळ घालवलाय. धबधब्यासमोर ती जितका वेळ नुसती उभी राहते, तितका वेळ उभं ठेवायची हिंमत मला माझ्या कुठल्याच फिल्ममध्ये झाली नाही. आपल्याला वाटतं, प्रेक्षक कंटाळेल.

पुढे राजकारणाचं वारं फिरलं. गुराखी, म्हैस, बासरी. यात वर्गसंघर्ष कुठे आहे, असं विचारलं जाऊ लागलं. फिल्म बाजूला पडली. सांस्कृतिक क्रांती आली तेव्हा स्टुडिओचं खरं काम थांबलं आणि ते वेईंना वर्षभर एकट्याला कोठडीत डांबून चौकशा झाल्या. तिथल्या टेबलावर काच होती. ते त्या काचेवर चित्र काढत आणि पहारेकऱ्याची पावलं वाजली की पुसून टाकत. पुढे खेड्यात पाठवलं, तिथे आ दांसोबत डुकरं राखली. पन्नाशीतली ही वर्षं, दिग्दर्शकाच्या उमेदीची, अशी गेली. ‘गुराख्याची बासरी’ला डेन्मार्कच्या ओडेन्समध्ये सुवर्ण मिळालं ते 1979 मध्ये, फिल्म झाल्यानंतर सोळा वर्षांनी.

परतल्यावर त्यांनी पुन्हा स्टुडिओ सांभाळला. ‘नझा’ची मोठी फिल्म 1979 ची, आ दांची ‘तीन भिक्षू’ 1980 ची. 1985 मध्ये यान दिंगश्यान आणि लिन वनश्याओ यांच्यासोबत ‘सुवर्णवानर आणि राक्षसीण’ ही मोठी फिल्म केली. तिच्याबद्दल मला फार बोलायचं नाही. चांगली आहे, पण ते वेईंचा ठहराव तिच्यात दिसत नाही.

तो दिसतो 1988 च्या ‘डोंगरपाण्याची माया’त. वय 73. सोबत यान शानछुन आणि मा ख-श्वान. छिन हे तंतुवाद्य वाजवणारा एक म्हातारा प्रवासात आजारी पडतो, एक कोळ्याचं पोर त्याला झोपडीत नेऊन सांभाळतं, तो त्या पोराला वाजवायला शिकवतो. ऋतू बदलतात. शेवटी गुरू आपलं वाद्य त्या पोराला देऊन बर्फाच्या डोंगराकडे एकटाच निघून जातो आणि ते पोर कड्यावर बसून वाजवत राहतं. शब्द एकही नाही. माणसं चितारली वू शानमिंग यांनी, डोंगरपाणी च्वो ह-च्युन यांनी, वादन कुंग यी यांचं. बेडूकपिल्लांच्या फिल्ममध्ये शाईचा भास कॅमेऱ्यात घडवला होता. इथे काही ठिकाणी चित्रकाराने खरोखर कॅमेऱ्याखाली कागदावर शाई सोडली आणि ती पसरताना टिपली. म्हणजे अठ्ठावीस वर्षांपूर्वी जी गोष्ट त्यांना लपवावी लागली होती, शाईचं स्वतःच्या मर्जीने फुटणं, तीच इथे त्यांनी डोंगरातलं धुकं करून टाकली. त्याच वर्षी शांघायला पहिला आंतरराष्ट्रीय अ‍ॅनिमेशन महोत्सव भरला आणि तिथे या फिल्मला सर्वोच्च पारितोषिक मिळालं.

आणि नेमक्या त्या दिवसांत स्टुडिओतली तरुण मुलं दक्षिणेला शेनझेनला निघाली होती. परदेशी मालिकांचं काम तिथे आलं होतं, पगार कितीतरी जास्त. गुरू वाद्य देऊन निघून जातो, हे बघताना मला ते आठवल्याशिवाय राहत नाही. नव्वदीच्या अखेरीस मुंबईतही आम्ही तेच बघितलं. दोष कोणाला द्यायचा? घरभाडं सगळ्यांनाच असतं. ते वेई 2010 मध्ये, चौऱ्याण्णवाव्या वर्षी शांघायमध्ये गेले.

आता तुमच्या फिल्मकडे. काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत, त्या आधी कबूल करतो. ते वेईंकडे सरकारी पगारावरची माणसं होती. तिकीटबारीची चिंता नाही, वेळेची टंचाई नाही. त्याच सरकारने पुढे त्यांना कोठडीतही घातलं. दोन्ही गोष्टी एकाच हाताने दिलेल्या. तुमच्याकडे सहा महिने आणि बहुधा एखादा मित्र मदतीला. तेव्हा सेल फोडून छटा काढायच्या भानगडीत पडू नका. छटा वेगळ्या थरांवर ठेवून कडा मवाळ करणं आज कॉम्पोझिटिंगमध्ये, म्हणजे संगणकावर थर एकत्र करताना, एका दुपारचं काम आहे. आणि तुमची कथा विनोदी, वेगवान असेल तर धबधब्यासमोरच्या म्हशीचा तुम्हाला काही उपयोग नाही, ‘गर्विष्ठ सेनापती’चा आहे.

मात्र एक गोष्ट परिस्थितीवर अवलंबून नाही. तुम्ही लिहिलंय की पिंगुळीच्या चित्रांचे रंग आणि मोठे डोळे स्कॅन करून पात्रं ‘रिग’ करणार आहात, म्हणजे त्यांना संगणकावर हलवायचा तयार सांगाडा बसवणार आहात. म्हणजे चेहरा पिंगुळीचा आणि चाल त्या रिगबरोबर आलेली, जगात सगळीकडे तीच. कावळ्याच्या फिल्मचं व्हेनिसला जे झालं तेच तुमचं होईल, बक्षिसासकट किंवा बक्षिसाशिवाय. चित्रकथी ही कधीच नुसती चित्रं नव्हती. ठाकर कलाकार पोथीतलं एकेक पान समोर धरतो आणि वीणा-टाळांच्या साथीवर गात कथा सांगतो. पान कधी बदलतं? ओळ संपल्यावर, की ओळीच्या मध्यात? युद्धाच्या प्रसंगात पान हलवतो का? एकाच पानावर तो सगळ्यात जास्त किती वेळ थांबतो? या शैलीची चाल यात लपलेली आहे, डोळ्यांच्या आकारात कमी. पेकिंग ऑपेरातून ते वेईंनी हीच वस्तू उचलली होती.

तेव्हा सांगतो तसं करून बघा. कुडाळजवळच आहे पिंगुळी, जाऊन या. कॅमेरा घेऊन जा, पण पहिल्या दिवशी बाहेर काढू नका. दुसऱ्या दिवशी एक आख्यान पूर्ण रेकॉर्ड करा, त्यांची परवानगी आणि मानधन देऊन. घरी आल्यावर त्याची एक्सपोजर शीट भरा: कुठल्या फ्रेमला पान आलं, कुठल्या फ्रेमला गेलं, आवाज कुठे चढला. त्या शीटवर आधी नुसत्या काळ्या चौकोनांची लाइन टेस्ट करा. चौकोनांनी कथा सांगितली तर पात्रं बसवा. ती टेस्ट झाली की मला दाखवा, मी वेळ काढून बघेन. रंगवलेल्या फ्रेम इतक्यात पाठवू नका.